मी पत्रात मारलेली आत्या

गेल्या माघात माझी नात मोबाइल घेऊन खुर्चीशी आली. ती इथेच बालाघाटला बँकेत आहे. मराठी समजते तिला, पण बोलते हिंदीत. म्हणाली, "आबा, ये देखो, अपने किरनापुर का नाम आया है. कोई पुरानी पिक्चर मिली है, बिना आवाज वाली."

एका चित्रपट संग्रहालयाला जुन्या मूकपटाचा तुकडा सापडला होता आणि त्यांनी तो सगळ्यांना पाहता यावा म्हणून टाकला होता. जेमतेम तीन मिनिटांचा. चित्राच्या कडा कुजलेल्या, मधून मधून पांढरे डाग उठायचे. राजवाड्याच्या पायऱ्या, वर उभा राजा, खाली हात जोडून राणी. राणी काही तरी बोलते आणि मग काळ्या पाटीवर अक्षरं येतात : 'नाथ, प्रजेवर दया करा.'

राणी ते म्हणत नव्हती. ती म्हणत होती, "बापा, पाय भाजून राह्यले माहे, आटप तुहं राजेपन."

मला ओठ वाचता येत नाहीत. पण हे वाक्य मी लहानपणी इतक्यांदा ऐकलं होतं की ते कुठे सुरू होतं आणि कुठे श्वास घेतं, हेसुद्धा मला ठाऊक होतं. त्या पायऱ्या फळ्यांवर पत्रा ठोकून केलेल्या होत्या. वैशाखाचं ऊन होतं. आवाज उमटणार नव्हता, म्हणून जो तो आपापल्या भाषेत मनाला येईल ते बोलायचा. राजा झालेला माणूस गुजरातेकडचा होता. त्याला हिचं एक अक्षर कळायचं नाही, तरी तो गंभीरपणे मान हलवायचा. हे सांगताना ती स्वतःच हसायची. ती माझी आत्या, वडिलांची मोठी बहीण.

नातीला म्हटलं, खाली काय लिहिलंय ते सांग. इंग्रजीत होतं. तिने हिंदीत सांगितलं ते मी मराठीत लिहितो : राणीची भूमिका कोणी केली हे नक्की नाही. एका जुन्या छायाचित्रकाराच्या आठवणीप्रमाणे ती किरनापूरजवळच्या गावातली मुलगी होती. पण चौकशी केल्यावर ती मुलगी सातव्या वर्षी देवीच्या साथीत वारल्याचं कुटुंबाने लेखी कळवलं. त्यामुळे ही भूमिका दुसऱ्या एका नटीची असावी. त्या नटीचं नाव पुढे दिलेलं होतं.

ते लेखी कळवणारं कुटुंब म्हणजे मी.

आत्याचं नाव इथे लिहीत नाही. ते जिथे लागायला हवं तिथे मी पाठवलं आहे. ते तिथे लागेल की नाही, याचाच आता मला घोर आहे. ब्याऐंशी वर्षांच्या माणसाला दुसरे घोर फारसे उरत नाहीत.

आत्या तेराव्या वर्षी विधवा झाली. नवऱ्याचं तोंड तिने दोनदा पाहिलं होतं. सासरच्यांनी परत आणून सोडली आणि गावात रोजचं बोलणं सुरू झालं, म्हणून ती सतराची झाल्यावर तिचा मामा तिला मुंबईला घेऊन गेला. मामा तिथे गिरणीत गेला होता, पण गिरणी सोडून एका सिनेमा कंपनीत लागला. उघड्यावर उभारलेल्या राजवाड्यांवर पांढरं कापड ओढायचं, ऊन कमी-जास्त करायचं, हे त्याचं काम. ढग आला की सगळं काम थांबायचं आणि लोक ढगाला शिव्या देत विड्या ओढायचे. आत्या कामगारांचा स्वयंपाक करायची.

एकदा नदीवर चित्रण होतं. लुगड्यासकट पाण्यात बुडी मारून घागर घेऊन वर यायचं होतं. कंपनीतल्या बायांना पोहता येईना. आत्या वैनगंगेच्या पाण्यात वाढलेली. तिने बुडी मारली आणि वर आली ती डोळे उघडे ठेवून. दिग्दर्शक म्हणाला म्हणे, पापणी लववत नाही ही बाई. तिथून तिचं काम सुरू झालं. वर्षभरात तिने दोन चित्रपट पुरे केले आणि तिसरा अर्धा. तोंडाला पिठासारखा रंग फासायचे. लाल रंग चित्रात काळा उमटतो, म्हणून कुंकवाच्या जागी दुसराच कसला तरी रंग लावायचे. विधवेच्या कपाळाला कंपनीने कुंकू लावलं आणि तेही खोट्या रंगाचं, असं ती म्हणायची. यात तिला गंमत वाटायची की आणखी काही, ते मला कधी कळलं नाही.

तिसरा चित्रपट चालू असताना गावाहून तार गेली : आई अत्यवस्थ, निघून ये. ती आली तेव्हा तिची आई खळ्यावर धान उपणत होती. कुणी तरी मुंबईत चित्रपट पाहून गावात बातमी आणली होती, आणि आजोबांना दुसरा उपाय सुचला नव्हता. मामाला दार बंद झालं. गावाला सांगितलं, पोरगी मामीच्या बाळंतपणाला गेली होती. पारावर एकाने विचारलंच म्हणे, "दीड वर्साचं बाळंतपन? मामीले हत्ती झाला का काय?"

त्यानंतर आत्याने घरात, शेतात, चुलीपुढे चाळीस-पंचेचाळीस वर्षं काढली. मोठ्यांसमोर ती मुंबईचं कधी बोलली नाही. आम्हा दोघांना मात्र सांगायची, मला आणि माझ्याहून आठ वर्षांनी लहान बहिणीला. आई आमची लवकर गेली. बहिणीला आत्यानेच वाढवलं. बहीण तिच्याच अंथरुणात निजायची. आम्ही मोठे झालो तसं मला ते सगळं खोटं वाटायला लागलं. कंपनीत भाकरी थापल्या असतील, बाकीचं मनाचं असेल. कॉलेजात असताना एकदा तसं तिला म्हणालोही. "आत्या, एखादा फोटो तरी दाखव की." ती म्हणाली, "फोटो कोन देते रे बाबू? माह्यं तोंड त्यायच्याच डब्यात राह्यलं."

मी शिक्षक झालो, बालाघाटला घर केलं, वडिलांना आणि आत्याला घेऊन आलो. तिशीत असताना बहिणीच्या लग्नाची बोलणी निघाली. मुलगा गोंदियाकडचा, शिकलेला, खटल्याचं घर. वडील थकलेले, म्हणून सगळा भार माझ्यावर.

आमच्याकडे सोयरीक जुळायच्या आधी चौकशी होते, आणि ती सरळ कधी होत नाही. कुणी बियाण्याचा भाव विचारायला येतो, कुणी बैल पाहायला येतो आणि बैलाच्या दातांपेक्षा घरातल्या बायांकडे जास्त पाहतो. मीही तेच केलं होतं. माझा चुलतभाऊ मुलाच्या गावी म्हैस घ्यायच्या मिषाने दोन दिवस राहून आला होता. परत येऊन म्हणाला, "मानसं बरी हायेत. म्हैस मात्र लबाड हाय." चौकशीला उत्तर द्यायचीही रीत ठरलेली असते. अनोळखी माणसाने घरातल्या कुणाबद्दल विचारलं, तर चांगलं तेवढं सांगायचं आणि बाकीचं गाडून टाकायचं.

त्याच पंधरवड्यात पत्र आलं. साध्या आंतर्देशीय कागदावर, हाताने लिहिलेलं, आजोबांच्या नावाने. आजोबा जाऊन वीस वर्षं झाली होती. गावच्या पोस्टातून ते फिरत माझ्याकडे आलं. खाली एक नाव आणि पुण्याचा पत्ता. मजकूर थोडक्यात असा : आपल्या घराण्यात अमुक नावाची मुलगी होती का? ती तरुणपणी मुंबईला सिनेमाच्या कंपनीत होती असं ऐकतो, ते खरं का? पुढे तिचं काय झालं? पुन्हा लग्न झालं का? हयात आहे का? विषय नाजूक आहे याची कल्पना आहे, बाकी भेटीत बोलता येईल.

मी ते उभ्या उभ्या वाचलं. ही मुलाकडचीच चौकशी, याबद्दल मला शंकाच उरली नाही. कुणी तरी त्यांच्या कानावर घातलं आहे आणि पुण्याच्या कुठल्या नातेवाइकाला पुढे करून ते खात्री करून घेत आहेत. आज वाटतं, पुण्याहून कोण बैल पाहायला येतो? पण त्या दिवसांत मला दारात आलेला भिकारीसुद्धा मुलाकडचा वाटायचा.

त्याच दुपारी शाळेत बसून उत्तर लिहिलं. सदर मुलगी वयाच्या सातव्या वर्षी देवीच्या साथीत मृत्यू पावली. सिनेमाबाबत ऐकलेली माहिती निराधार असून तिचा आमच्या घराण्याशी संबंध नाही. अक्षर माझं चांगलं आहे. खाली सही केली, हुद्दा लिहिला.

मुलाकडचे पाहायला आले तेव्हा घरातल्या त्या म्हाताऱ्या बाईची ओळख मी 'वडिलांच्या लांबच्या नात्यातल्या आहेत, स्वयंपाकाला मदत करतात' अशी करून दिली. आत्या तेव्हा चहाचा ट्रे घेऊन उभी होती. तिने पदर आणखी पुढे ओढला, ट्रे ठेवला आणि आत गेली. एक शब्द तिने मला त्याबद्दल विचारला नाही. लग्न ठरलं, चैत्रात झालं. सासरी गेल्यावर वर्षभरात बहिणीने खरं नातं सांगूनही टाकलं आणि कुणाचं काही बिघडलं नाही.

इथवर जे झालं ते मी स्वतःला माफ करू शकलो असतो. माणूस घाबरतो, चुकतो. पण लग्नाच्या आधीच, फाल्गुनात, त्या पुण्याच्या गृहस्थाचं दुसरं पत्र आलं. या वेळी जाड लिफाफा. त्यांनी आभार मानले होते. आपण जुन्या मूकपटांची माहिती जमवतो, त्या काळातली माणसं एकेक करून जात आहेत, म्हणून घाई आहे, असं लिहिलं होतं. 'तरीही गावातल्या एखाद्या वृद्धाला काही आठवत असल्यास कळवावे. ती बाई हयात असती तर मी स्वतः तिच्या पायाशी येऊन बसलो असतो.' हे वाक्य मला तोंडपाठ आहे. सोबत एक फोटो होता. राणीच्या वेषातली एक मुलगी, अठरा-एकोणीस वर्षांची, सरळ समोर पाहणारी. पापणी न लववता.

म्हणजे सगळं खरं होतं. नदी, घागर, पत्र्याच्या पायऱ्या, सगळं.

पोस्टमन आमच्याच वॉर्डातला. संध्याकाळी आत्या अंगणात सूप घेऊन तांदूळ पाखडत होती. मी शाळेतून आलो. मान वर न करता तिने विचारलं, "पोस्टमन म्हने, तुले मोठं पाकीट आलतं. पुन्याचं."

"हौ."

"काहीचं व्हय?"

"शाळेचं आहे," मी म्हणालो.

सूप थांबलं नाही. "हौ, शाळेचंच असंन," ती म्हणाली, आणि कोंडा फुंकला.

तेव्हा सांगितलं असतं तर? लग्नाला महिना होता, असं मी मनाशी म्हणालो. लग्न होऊ दे, मग सांगू. लग्न झालं. मग म्हणालो, बहीण सासरी रुळू दे. ती रुळली. मग सांगायला काहीच आड येत नव्हतं, फक्त एवढंच की सांगायचं म्हणजे पुण्याच्या माणसाला लिहावं लागणार : मी शिक्षक, माझ्या सहीने खोटं लिहिलं, जिवंत माणसाला मारलं. तिच्या सिनेमाची लाज मला उरली नव्हती. लाज होती ती माझ्या पत्राची. ती वाचवायला मी नऊ वर्षं गप्प राहिलो, आणि ती नऊ वर्षं आत्या माझ्याच घरात माझ्या हातचा चहा पीत होती.

फोटो फाडायची हिंमत झाली नाही. शाळेतल्या नकाशांच्या गुंडाळीत तो लपवला. दोन वर्षांनी माझी बैहरला बदली झाली. नकाशे जुन्या शाळेतच राहिले. परत बदलून आलो तेव्हा नकाशे वाळवीने खाल्लेले म्हणून फेकून दिले होते.

शेवटच्या आजारपणात आत्या फार बोलायची नाही. एका सकाळी मी तिला औषध द्यायला बसलो होतो. म्हणाली, "एखांदी फिल्लम कोनाच्या घरी राह्यली असंन का रे, बाबू?"

मी काय म्हणालो ते लिहायला हवं. मी म्हणालो, "त्या काळच्या फिल्मा टिकत नाहीत, आत्या. पेट घेतात म्हणे."

"हौ," ती म्हणाली. "भडकन् पेटत." आणि औषध घेतलं. आठ दिवसांनी गेली. नगरपालिकेत मृत्यूची नोंद मीच केली. तिचं वय सांगताना माझ्या मनात सात हा आकडा आला होता.

नातीने तो तुकडा दाखवल्यावर मी तिच्याकडून संग्रहालयाचा नंबर काढला. फोनवर मराठी बोलणारी एक तरुण मुलगी होती. तिने सगळं ऐकून घेतलं, मध्ये एकदाही तोडलं नाही. मी लेखी पाठवलं, मृत्यूचा दाखला पाठवला, मतदारयादीतलं नाव पाठवलं. आठवड्याने तिचा फोन आला.

"आजोबा, मला तुमचं खरं वाटतंय," ती म्हणाली. "पण दाखल्यावरून त्या तुमच्या घरी राहत होत्या एवढंच कळतं. पडद्यावरची राणी त्याच, हे सांगणारे तुम्ही एकटे आहात. आणि आमच्या फाइलमध्ये तुमचंच जुनं पत्र आहे. पुण्याच्या त्या सरांनी जपून ठेवलं होतं, त्यांचे कागद आता आमच्याकडे आहेत. सहीसुद्धा जुळते. कुणी विचारलं, की या माणसाचं कोणतं पत्र खरं धरायचं, तर मी काय सांगू?"

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

तीच मग हळूच म्हणाली, "त्यांच्या तोंडून हे ऐकलेलं आणखी कुणी आहे का?"

एकच माणूस होतं. बहीण आता चौऱ्याहत्तर वर्षांची आहे, गोंदियाला असते. जिच्या लग्नासाठी मी हे केलं असं मनात घोकत आलो, तिलाच आता साक्षीला बोलवायचं होतं, आणि त्यासाठी आधी तिला सांगायचं होतं. पत्रांबद्दल तिला काहीच माहीत नव्हतं.

ती गाडीने आली. जेवणं झाल्यावर नातीने मोबाइल तिच्या हातात दिला. तिने तो तुकडा एकदा पाहिला. दुसऱ्यांदा पाहताना राणीबरोबर तीही पुटपुटायला लागली, "बापा, पाय भाजून राह्यले माहे." मग पदर तोंडात धरून रडली. नात आमच्याकडे नुसती पाहत राहिली.

रडणं थांबल्यावर मी सांगितलं. पहिलं पत्र, माझं उत्तर, दुसरं पत्र, फोटो, नकाशे. ती भिंतीकडे पाहत ऐकत होती.

"फोटो आलता," ती म्हणाली.

"हौ."

"तूनं तिले दाखोला नाही?"

"नाही."

"किती वर्स?"

"नऊ."

"नऊ वर्स!" तिने नातीकडे पाहिलं, जणू आणखी कुणी तरी हे ऐकायला हवं होतं. "मी दर दिवाईले येत होतो, दादा. तिच्या पायाले तेल लावत होतो. मले काहून नाही सांगतलं?"

"तुझं लग्न..." मी म्हणालो.

"माह्या लग्नाचं नाव नको घेऊ." आवाज तिने चढवला नव्हता. "लग्न चैतात झालं. चैतानंतर कोन अडोलतं तुले?"

मी मान खाली घातली. मग तीच नातीला म्हणाली, "जाय वो, तुह्या आबाले कागद-पेन आणून दे. मले लिवता येते, पन आज त्यालेच लिवू दे."

मी लिहायला बसलो. ती सांगत गेली, मी उतरवत गेलो. आत्या कोणत्या नदीतून वर आली, राजा कुठला होता, पायऱ्यांवर पत्रा का होता. मला माहीत नसलेल्याही गोष्टी तिला माहीत होत्या. तिसऱ्या चित्रपटात आत्याला मरायचा प्रसंग होता. तो चित्रित व्हायच्या आदल्या दिवशी तार आली. "तेवढं मरन राह्यलं, असं म्हने," बहीण म्हणाली. "लिव."

मी लिहिलं.

"आता खाली लिव. हे सारं माह्या भावाले मायीत होतं. त्यानं लपोलं. बहिणीच्या लग्नासाठी नाही लपोलं, सोताच्या इज्जतीसाठी लपोलं."

पेन थांबलं. मी म्हणालो, "हे त्यांना कशाला हवं? त्यांना सिनेमाचं हवंय."

"त्यायनं तुले इचारलं ना, कोनतं पत्र खरं?" ती म्हणाली. "मंग पयलं खोटं काहून होतं, ते नको सांगाले? नाही त लोक म्हन्तीन, बुढा सठियावला, आता काहीबी लिवते."

नात पहिल्यांदाच बोलली. "लिख दो ना, आबा."

मी लिहिलं. तिच्या शब्दांत, तिच्या बोलीत, एकही अक्षर सुधारलं नाही. बहिणीने कागद हातात घेऊन पुन्हा वाचला, एका ठिकाणी माझं अक्षर लागेना म्हणून विचारलं, आणि चष्मा सावरून खाली सही केली. साक्षीदार म्हणून नातीची सही घेतली. मग बहीण म्हणाली, आता तू कर, आणि बोटाने जागा दाखवली : त्या शेवटच्या वाक्याच्या बरोबर खाली.